चकाचकमामा आणि तळं

आमच्या साइटवरच्या मुकादमांना सगळे चकाचकमामा म्हणतात. काम आटोपलं की ते थापीसुद्धा धुऊन-पुसून ठेवतात आणि इमारत उभी राहिली की प्लॉट असा झाडून देतात, की मुंगीलाही लपायला जागा उरत नाही.

नव्या सरकारी नियमाने नेमकी तिथेच पंचाईत केली. बांधकामाआधी प्लॉटवर जेवढी झुडपं, पाखरं, किडेमुंग्या होती, त्याहून जास्त मागे ठेवायची. तरच लोकांना राहायला परवानगी. म्हणून मागच्या कोपऱ्यात आम्ही तळं खणलं, भोवती गवत माजू दिलं, बेडूकही राहायला आले. तळ्याकडे खिडकी असलेला तळमजल्याचा फ्लॅट मामांच्या थोरल्या बहिणीने घेतला होता. परवानगी येईपर्यंत ताईंचा मुक्काम मामांच्या घरी, मामांच्याच पलंगावर. मामा मोरीच्या दाराशी चटई टाकून झोपत.

तपासणीला मॅडम येणार म्हटल्यावर मामांनी आदल्या दिवशी, कुणाला न विचारता, तळं उपसून ब्रशने घासलं, गवत कापलं, काठच्या दगडांना चुना फासला.

मॅडम काठावर थबकल्या. "इथले बेडूक कुठे गेले?"

"हाकलले, मॅडम!" मामांनी छाती फुगवली. "एक शिल्लक ठेवला नाही."

परवानगी लटकली. पावसाळा संपेपर्यंत कोपऱ्याला हात लावायचा नाही, असं ठरलं.

"आईने तुझ्या हातात झाडू द्यायलाच नको होता," ताई म्हणाल्या आणि पलंगावर ऐसपैस पसरल्या.

पावसाळाभर मामा हात पाठीशी बांधून तळ्याभोवती फिरत. वाळकं पान दिसलं की मान वळवत. माळ्याने एकदा पाण्यात जाळी घातली, तर केवढ्याने ओरडले, "ए, सरकारी शेवाळ आहे ते!"

शेवटी मॅडमनी मान डोलावली. ताई नव्या घरी गेल्या, मामा पलंगावर आडवे झाले. आठवडाही झाला नसेल, ताई उशी बगलेत मारून दारात हजर.

"तुझे बेडूक रात्रभर कोकलतात. त्यांना गप्प कर."

"त्यांना हात लावायचा नाही, ताई. नियम आहे."

"मग तू सरक."

मामांनी फ्लॅटची किल्ली मागून घेतली. हल्ली तेच तिथे झोपतात.

"त्या आवाजात झोप लागते?" मी विचारलं.

"आवाजाचं काही नाही हो, इंजिनिअरसाहेब. खिडकीतून ते माजलेलं गवत दिसतं ना, जीव कासावीस होतो. पडदा ओढून घेतो."