वन्संनी मोजलेल्या विटा

आमच्या वन्संनी ज्याला एकही प्रश्न विचारला नाही असा माणूस बडोद्यात असलाच, तर तो एक तर त्यांच्या जन्माआधी मेला असला पाहिजे किंवा महाराजांबरोबर विलायतेत जाऊन तिकडेच राहिला असला पाहिजे. वन्सं म्हणजे माझी नणंद, आमच्या यजमानांची थोरली बहीण. विसाव्या वर्षी वैधव्य आले तेव्हा माझ्या सासऱ्यांनी त्यांना कोपऱ्यात बसवण्याऐवजी शिकायला पाठवले. पुढे त्या मुलींच्या शाळेत शिकवू लागल्या आणि सरकारी वाचनालयातल्या बायकांच्या दालनात इंग्रजी पुस्तके वाचता वाचता त्यांना समाजशास्त्र नावाचे शास्त्र सापडले. ते त्यांना सापडले आणि आमच्या घरची शांतता हरवली. वाडीतल्या आमच्या शेजारणींना हा भविष्य सांगण्याचा काही विलायती प्रकार वाटला, म्हणून दोघीतिघी मुलींच्या पत्रिका घेऊन आल्या. वन्संनी त्यांना पाट दिला, पाणी दिले आणि विचारले, "तुमच्याकडे धुणं कोण धुतं? आणि ती तिच्या घरचं केव्हा धुते?" पत्रिका तशाच गुंडाळून परत गेल्या.

या शास्त्रात करतात तरी काय, असे मी एकदा विचारायची चूक केली. वन्सं म्हणाल्या, "आपल्या पानातलं वरण कोणाकोणाच्या पाठीवरून आपल्यापर्यंत आलं, ते शोधायचं. ते कळलं की अन्याय कुठे दडून बसलाय ते कळतं." मी म्हटले, "वरण मीच करते, मीच वाढते. लांब कुठे शोधायला नको." हा विनोद होता. वन्संना विनोद कळत नसे. दुसऱ्या दिवशी उजाडल्यापासून त्या वही-पेन्सिल घेऊन माझ्या मागे लागल्या. चुलीपाशी मी, चुलीपाशी त्या, विहिरीवर मी, विहिरीवर त्या. संध्याकाळी जेवणाच्या वेळी सगळ्यांसमोर त्यांनी जाहीर केले, "वहिनी, तू आज एकशे बारा वेळा वाकलीस." मी म्हटले, "त्यातल्या नऊ वेळा तुमची पेन्सिल उचलायला." वन्संनी गंभीरपणे वही उघडली आणि एकशे बारातून नऊ वजा केले. आमचे हे खाली मान घालून जेवत होते. जेवण झाल्यावर त्यांनी जन्मात पहिल्यांदा आपले ताट स्वतः मोरीत नेऊन ठेवले आणि मग चार दिवस एखादा किल्ला सर केल्यासारखे घरात वावरले.

वन्संना लग्नकार्याला नेणे म्हणजे तर जोखमीचे काम. मांडवीजवळ एका बड्या अधिकाऱ्यांच्या मुलीचे लग्न होते. श्रीखंड वाढून झाले होते, मी पहिले बोट बुडवणार, इतक्यात वन्संनी यजमानीणबाईंना विचारले, "चक्का फार छान गाळलाय, कोणी गाळला?" बाई खूश झाल्या आणि आमच्या बडोद्याच्या गुजराती वळणाच्या मराठीत म्हणाल्या, "आमच्याकडे दोघी आहेत ने कामाला, त्यांनी." वन्संनी विचारले, "त्या जेवल्या?" बाई म्हणाल्या, "जेवतील ने मागाहून, घाई काय आहे?" वन्सं पानावरून उठल्या आणि मागच्या दारी त्या दोघींच्या शेजारी जाऊन बसल्या. नणंद उठली म्हणून मलाही उठावे लागले. मागच्या दारी श्रीखंड आले नाही, आणि त्यानंतर तीन वर्षे त्या आळीतून आम्हांला आमंत्रणही आले नाही. वन्संच्या बाकी सगळ्या गोष्टी मी मनातून पुसून टाकल्या आहेत, पण ते श्रीखंड अजून पुसले गेलेले नाही.

ऐकीव गोष्टीवर त्यांचा काडीचा विश्वास नसे. धान्यबाजारात पोत्याने माणसाची पाठ किती दुखते हे कळावे म्हणून त्यांनी एकदा भर बाजारात पोते पाठीवर घ्यायचा प्रयत्न केला. पोते जागचे हलले नाही, वन्सं मात्र हलल्या, आणि त्यांना टांग्यातून घरी आणावे लागले. आठ दिवस मी त्यांची पाठ शेकली. पालथ्या पडल्या पडल्या त्या मला विचारीत, "वहिनी, शेकताना तुझा हात किती वेळाने भरून येतो?" मी विटकर जरा जास्तच गरम लावीत असे.

मग शहराबाहेर एका मोठ्या सरकारी इमारतीचे काम निघाले, आणि वन्संना त्यांच्या आयुष्याचे काम मिळाले. तिथे शंभरएक बाया डोक्यावरून विटा वाहत. एका खेपेला एकीने किती विटा न्याव्यात याला काही नियम नव्हता, मुकादम म्हणेल तितक्या. वन्संचे म्हणणे, याला सरकारी मर्यादा हवी, आणि मर्यादा हवी तर आधी मोजणी हवी. उन्हाळ्याच्या सुट्टीत तीन आठवडे त्या छत्री घेऊन बांधकामावर उभ्या राहिल्या. प्रत्येक बाईची प्रत्येक खेप त्यांनी लिहून घेतली. त्यांचा सरासरी आकडा निघाला चौदा. चौदा विटा हे ओझे बाईच्या मानेला फार आहे, ते कमी करावे, असा साठ पानांचा अहवाल त्यांनी लिहिला आणि कचेरीत एका मोठ्या साहेबांना दिला. साहेब भला माणूस होता. त्याने तो वाचला, इतकेच नाही, तर तो सरकारी छापखान्यात छापून हुजुरात, म्हणजे महाराजांपुढे, ठेवायचे ठरवले. शिवाय राज्यभरच्या कामकरी बायकांच्या चौकशीसाठी एक नवी जागा काढून त्यावर वन्संना नेमण्याचा कागदही तयार केला. पन्नाशीला आलेली ती बाई त्या दिवशी घरात चक्क गुणगुणत फिरली. मला म्हणाली, "वहिनी, लाडू कर. मजूरबायांना वाटू या. हा अहवाल त्यांचाच आहे ने."

मी बुंदीचे लाडू केले. टोपली घेऊन आम्ही दोघी टांग्याने बांधकामावर गेलो. दुपारची वेळ, बाया ओळीने चालल्या होत्या. वन्सं सवयीने मोजू लागल्या: चौदा, चौदा, चौदा. एकीच्याही डोक्यावर कमी नाहीत. मोजणीच्या वेळी कोणी तेरा न्यायची, कोणी पंधरा. सगळ्यांच्या सारख्या कशा, म्हणून त्यांनी मुकादमाला विचारले. तो आदराने म्हणाला, "तुमच्याच कागदात आहे ने, बाईसाहेब. कचेरीतून नक्कल आली. बाई चौदा उचलते असं लिहिलंय. आधी आम्ही दहावर चालवत होतो, आता चौदाचा कायदो केला. कमी उचलेल ती घरी." पुढचे वाक्य, ओझे कमी करावे हे, त्याने वाचले नव्हते, किंवा वाचून सोडून दिले होते.

"दहा?" वन्सं म्हणाल्या. "मी मोजलं तेव्हा तर चौदा होत्या."

सावलीला रेवा बसली होती, त्या बायांची म्होरकी. पाच दिवसांपूर्वी चौदा विटांसकट तिचा पाय घसरला होता आणि तेव्हापासून तिला मान वळवता येत नव्हती. आमच्याकडे बघायला ती सगळ्या अंगाने वळली. वन्संनी तिला तेच विचारले. रेवा ओशाळून म्हणाली, "तमे लखतां हतां ने, बेन. अमने एम के जे वधारे उपाडे एनुं नाम पाकुं थाय." म्हणजे बाई सरकारची, हातात वही, जी जास्त उचलेल तिचे नाव पक्के होईल, पावसाळ्यातही काम राहील, असे त्या सगळ्यांना वाटले होते. छत्री दिसली की त्या दहाच्या चौदा करीत, आणि छत्री गेली की पुन्हा दहा. तीन आठवडे वन्संनी जे मोजले ते ओझे त्यांनीच त्या बायांच्या डोक्यावर ठेवले होते, आणि आता ते उतरत नव्हते.

आयुष्यभर ज्यांची थट्टा केली त्यांचा चेहरा असा पडलेला मला बघवेना. त्या सरळ टांग्यात बसल्या आणि कचेरीत गेल्या. लाडवांची टोपली माझ्या काखेत तशीच, आणि साहेबांच्या शिपायाची नजर तिच्यावरून हटेना. वन्संनी साहेबांना सगळे सांगितले आणि म्हणाल्या, "छपाई थांबवा. अहवाल खोटा आहे. दहाचा हुकूम आजच्या आज काढा."

साहेब म्हणाले, "आकडा थोडा इकडेतिकडे झाला म्हणून काय झालं, बाई? अहवालातली भावना खरी आहे."

"भावना माझी आहे, साहेब. विटा त्यांच्या डोक्यावर आहेत."

"अहो, पण अहवालच नसेल तर हुजुरात दाखवू काय? तुमची नेमणूक त्याच्यावरच उभी आहे."

"मग ती पडू द्या," वन्सं म्हणाल्या. त्यांनी तिथेच कागद मागून घेतला, चूक माझी, मजूरबायांची नव्हे, असे लिहून खाली सही केली. साहेबांनी तो दोनदा वाचला आणि घंटी वाजवली. हुकूम निघायला तरी चार दिवस लागले. चौदाचा कायदा एकंदर अकरा दिवस चालला, मग पुन्हा दहा झाल्या. अहवाल छापला गेला नाही आणि ती जागा पुढे कधी भरली गेली नाही. लाडू कचेरीतून आलो त्याच संध्याकाळी मी एकटीने नेऊन वाटले. बायांनी विचारले, कशाचे लाडू? मी म्हटले, आमच्याकडे सत्यनारायण होता.

त्यानंतर वन्सं पुष्कळ दिवस दुपारी त्या बायांत जाऊन नुसत्या बसत. वही नेत नसत. पुढे त्यांनी दुसरा अहवाल लिहिला, बारीकसा, वीसेक पानांचा. तो फार चांगला आहे असे मला वाटते, पण मला वाटून काय उपयोग, तो आमच्या कपाटातच राहिला. रेवा मात्र त्याच पावसाळ्यात काम सोडून गावी निघून गेली. गाव कोणते ते कोणाला नीट ठाऊक नव्हते. वन्संनी दोन-तीन गावे पालथी घातली, जत्रांत शोधले, ती सापडली नाही.

इमारत पूर्ण झाली. लोक लांबून लांबून ती बघायला येतात आणि वर मान करून घुमटाचे कौतुक करतात. वन्सं त्या रस्त्याने कधी गेल्या नाहीत. शेवटच्या आजारात एका दुपारी मी त्यांना पेज भरवीत होते, तेव्हा एकाएकी त्यांनी माझा हात धरला. "वहिनी, रेवाची मान बरी झाली असेल ने?"

मी म्हटले, "झाली, वन्सं. मला मांडवीत भेटली होती. चांगली इकडेतिकडे बघत चालली होती."

कुठे, कधी, कोण बरोबर होते, काहीही न विचारता त्यांनी मान हलवली आणि पेजेसाठी तोंड उघडले. खोटे बोलल्याचे मला आजही वाईट वाटत नाही. वाईट एवढेच वाटते, की त्यांनी ते ऐकून घेतले.