कापलेली दोन वाक्यं

आमच्या प्रतिमाला एका जागी बसवणं मला छत्तीस वर्षांत जमलेलं नाही. चहाचा कप हातात घेऊन ती घरभर फिरते आणि मग तो कप मला कुंड्यांमध्ये सापडतो. विमा कंपनीनं माझी साताऱ्याहून जयपूरला बदली केली, तेव्हा दुर्गापुऱ्यातलं घर मी पाहिलं ते स्टेशन जवळ म्हणून. तिनं पसंत केलं ते कृषी संशोधन केंद्राच्या शेतांत पक्षी उतरतात म्हणून. पहाटेच दुर्बीण घेऊन ती पसार व्हायची. माझा डबा मग मीच करायला शिकलो, कुरकुरत का होईना.

कॉलेजात प्राणिशास्त्र शिकवता शिकवता ती टीव्हीवर गेली. मुलांसाठी विज्ञानाचा कार्यक्रम, हिंदीत, दर रविवारी सकाळी. तिचं हिंदी पार सातारी, पण पोरांना तेच आवडलं. तळहातावर बेडूक घेऊन ती बोलायला लागली की कॅमेरावालाही ऐकत राहायचा. एकदा घेतलेलं दृश्य पुन्हा घ्यावं लागलं, असं कधी झालं नाही. सांगानेरला कापड घ्यायला गेलो तरी मुलं तिला गराडा घालायची आणि मी पिशव्या सांभाळत उभा. खोटं कशाला बोलू, मला त्याचा अभिमानच वाटायचा.

संक्रांतीला इथं सगळं शहर गच्चीवर असतं आणि पतंगांच्या मांज्यानं पक्षी कापले जातात. जखमी पक्षी सापडला तर काय करायचं, यावर तिनं एक भाग केला. समोरचं कबूतर चोच उघडून धापा टाकत होतं. त्याला तहान लागली आहे, असं तिनं सांगितलं आणि ड्रॉपरनं त्याच्या चोचीत पाणी सोडलं. तो भाग इतका गाजला की पुढं आठ वर्षं दर संक्रांतीला तोच दाखवला गेला.

मग एका पशुवैद्यानं तिला मेलेलं कबूतर उघडून दाखवलं. मांज्याची जखम किरकोळ होती, पण फुप्फुसांत पाणी होतं. पक्ष्याची श्वासनलिका जिभेच्या मागंच उघडते. धापा टाकणाऱ्या पक्ष्याच्या चोचीत पाणी ओतलं की ते सरळ तिथं जातं. घरी आली ती चपला न काढताच खोलीत येरझाऱ्या घालायला लागली.

"अहो, जन्मभर पक्षी दुर्बिणीतून पाहिले मी," ती म्हणाली. "जवळून एकाचाही घसा पाहिला नव्हता."

कार्यक्रमाचे दिग्दर्शक देवेंद्रजी भले गृहस्थ. नवा भाग करू म्हणाले, पक्ष्याला खोक्यात अंधारात ठेवायचं वगैरे सांगा, जुन्याची आठवण कशाला काढता? तिनं कॅमेऱ्यासमोर दोन वाक्यं म्हटलीच. मी तुम्हाला चुकीचं शिकवलं होतं. जखमी पक्ष्याला पाणी पाजू नका. प्रसारणात ही दोन्ही वाक्यं नव्हती. दुसऱ्या दिवशी तिनं कार्यक्रम सोडला. जाऊ दे, मुलं विसरली असतील, असं मी म्हणालो. मुलं विसरत नाहीत, हाच तर तिच्या जिवाला घोर होता.

तेव्हापासून दर संक्रांतीला ती विद्याधर नगरच्या पक्षी उपचार शिबिरात असते. मी जातो खोकी उचलायला. यंदा दुपारी संपदा नावाची तिशीतली एक बाई बुटांच्या खोक्यात कबूतर घेऊन आली. बँकेतल्या मराठी साहेबांची मुलगी, इथंच वाढलेली. प्रतिमाला पाहताच तिचा चेहरा खुलला.

"मॅडम, मतलब, टीव्हीवाल्या तुम्हीच ना? मी तिसरीत होते. तेव्हापासून दर साल असंच करते. याला पण ड्रॉपरनं पाणी पिलवलं आहे."

कबुतराची छाती ओली होती. टेबलावर ठेवेपर्यंत ते गेलं.

मी प्रतिमाचा दंड धरला. सणाच्या दिवशी या पोरीच्या डोक्यावर कशाला ओझं, असं मला वाटत होतं. तिनं हात सोडवून घेतला आणि जिभेमागच्या वाटेसकट सगळं सांगून टाकलं. संपदा खोक्याकडे पाहत राहिली.

"म्हणजे ते सगळे मी मारले?"

"तू नाही. मी."

आता ही पोरगी रडणार किंवा भांडणार, अशी माझी खात्री होती. तिनं पर्समधून फोन काढला. त्यांच्या शाळेच्या वर्गाचा ग्रुप होता. त्यातले सगळे हाच कार्यक्रम बघून मोठे झालेले.

"त्यांना पण बोला, मॅडम," ती म्हणाली आणि फोनचा कॅमेरा प्रतिमासमोर धरला.

जिचं दृश्य कधी दुसऱ्यांदा घ्यावं लागलं नव्हतं, तिचं बोलणं चार वेळा घ्यावं लागलं. तीनदा पहिल्याच वाक्याला तिनं फोन खाली करायला लावला. मला तिच्याकडे बघवेना. चौथ्या वेळी ती मध्येच अडखळून थांबली, पण दोन्ही वाक्यं बोलून झाली. अडखळलात तेवढं काढून टाकू का, असं संपदानं विचारलं.

"काही कापू नकोस," प्रतिमा म्हणाली. "आहे तसं पाठव."

आणि उभ्या उभ्याच ती पुढचं खोकं उघडायला लागली.