कच्चा तास

माझ्या जावेचं आणि माझं कधीच पटलं नाही, हे आधीच सांगते. पुढचं वाचून कुणी मला चांगली बाई समजू नये.

आम्ही गारखेड्यात भिंतीला भिंत लावून राहतो. गल्लीत आठव्या दिवशी नळाला पाणी येतं, आणि त्या दिवशी सकाळचा सात ते आठ हा तास दोनदा व्हायचा. शहरात अशा खोडी बऱ्याच आहेत. उस्मानपुऱ्यातल्या एका गल्लीत गुरुवारची दुपारच नसते, तिथले दुकानदार सकाळीच जेवून घेतात. माझं माहेर सिल्लोडचं. तिथं वेळ नाकासमोर चालते. त्यामुळं लग्न होऊन आले तेव्हा पहिल्याच पाण्याच्या दिवशी उतू गेलेलं दूध पातेल्यात परत आलेलं पाहून मी किंचाळले होते.

पहिल्या तासाला गल्ली कच्चा म्हणायची, दुसऱ्याला पक्का. कच्च्या तासात काहीही करा, आठ वाजले की काटा सातवर यायचा आणि केलेलं सगळं पुसलं जायचं. भरलेले ड्रम रिकामे, फुटलेली बशी सांधलेली. माणसांच्या लक्षात मात्र सगळं राहायचं. म्हणून पाणी पक्क्या तासात भरायचं आणि कच्च्या तासात भांडून घ्यायचं, ही आमची रीत. नळाला मोटर कुणी लावली, कचरा कुणाच्या दारात गेला, सगळं तेव्हाच. मग तीच माणसं एकमेकांचे पाइप धरू लागायची. कच्च्या तासातलं मनावर घ्यायचं नाही, असा नियमच होता. मला तो फार आवडायचा. आठ दिवस दातओठ खाऊन जे साठवायचे, ते मी जावेवर ओतायचे.

ती उलट बोलायची नाही. हाच तिचा माज. मी कंबरेवर हात ठेवून तिचा उद्धार करत असायचे आणि ती कच्च्या तासातही ड्रम भरत राहायची. तासाभरात रिकामे होणारे ड्रम! पक्क्या तासात पुन्हा पहिल्यापासून. सगळी गल्ली हसायची. कुणी विचारलं तर म्हणायची, "नळाला पाणी हाय तर भरावं. त्यात काय इचारायचं?"

यंदा सासूबाईंना अर्धांगवायू झाला. त्या माझ्याकडं असायच्या. त्यांचं सगळं अंथरुणातच. आठ दिवसांचं पाणी पाचव्या दिवशी संपायचं. पाठीला जखम झाली होती, आणि रोज धुतलं नाही तर चिघळेल असं डॉक्टरांनी बजावलं होतं. जाऊ दोनदा म्हणाली, त्यांना माझ्याकडं आणा. मी नेऊ दिलं नाही. लोकांनी मलाच नावं ठेवली असती. आणि एवढं करून ती सासूबाईंना नेत नाही, याचाच मला राग.

त्या पाण्याच्या दिवशी, कच्च्या तासाची शेवटची पाच मिनिटं उरली असताना मी तिच्या अंगणात गेले. ती ड्रमात पाइप धरून उभी होती. तिला मूल नाही. हा विषय गल्लीत कच्च्या तासातही कुणी काढत नसे. मी काढला. 'तुम्ही' सोडून 'तू'वर आले.

"कुणासाठी भरतीस गं एवढं पाणी? घरात ना लेकरू ना बाळ. कोण पिणार हाय?"

पाइप हलला, पाणी तिच्या पायावर सांडलं. तिनं तो पुन्हा ड्रमात धरला. मला बरं वाटलं, खोटं कशाला सांगू. पाच मिनिटांत पुसलं जाणार होतं.

आठ वाजले. आठ वाजून एक मिनिट झालं. मग दोन. काटा सातवर आलाच नाही. नळ फुसफुसला आणि पाणी गेलं.

सगळी गल्ली मोबाइलकडं बघत उभी. एकानं रागात शेजाऱ्याच्या गाडीची काच फोडली होती, ती फुटलेलीच राहिली. टँकरवाल्याला सगळ्यांनी एकदम फोन लावले. तो म्हणाला, परवा बघू.

घरात सासूबाईंचं अंथरूण भिजलेलं, आणि माझ्या ड्रमाच्या तळाला दोन तांबे पाणी. अख्ख्या गल्लीत भरलेले ड्रम एकाच घरात होते.

दुपारपर्यंत मी गेले नाही. सासूबाई कण्हायला लागल्या तेव्हा बादली घेऊन तिच्या दारात उभी राहिले. "बाई, सासूबाईंसाठी पाणी पाहिजे," म्हणाले. आणि तिनं बादलीला हात लावला नाही म्हणून पुढं म्हणाले, "सकाळचं ते कच्च्या तासातलं होतं."

"पुसलं जायचं ते भांड्यातलं," ती म्हणाली. "माझ्या कानातलं कवा पुसलं गेलं?"

मी बादली या हातातून त्या हातात घेतली.

"इचारलं हुतंस ना, कुणासाठी भरते? स्वतःसाठीच भरत हुते. हात मोकळे ऱ्हायले असते तर इतक्या वर्षांत तुझं थोबाड फोडलं असतं."

या वेळी तिचे हात मोकळे होते. मी तिथून हलले नाही. खरंच सांगते, मी वाट बघत होते. तिनं मारलं असतं तर आमची फिटंफाट झाली असती आणि मला पुन्हा तिच्यावर चिडता आलं असतं.

तिनं माझ्या हातातली बादली घेतली, भरली, आपली एक भरली, आणि दोन्ही उचलून माझ्या आधी माझ्या घरात शिरली.

"ये लवकर," आतून ओरडली, "म्हातारीला कुशीवर धर."