दुसऱ्या बाजूचं तिसरं गाणं

पपा दोह्याला आले तेव्हा आईला जाऊन दोन महिने झाले होते. अल अझीझियातल्या आमच्या फ्लॅटमध्ये ते तीन आठवडे राहिले. चहा झाला, जेवलो, एसी कमी कर, एवढंच बोलायचे. आईबद्दल तर अवाक्षर नाही. वसईच्या चर्चमध्ये चाळीस वर्षं खालच्या पट्टीत गाणारा हा माणूस! आईच्या अंत्यविधीनंतर त्यांनी क्वायरही सोडलं होतं. माझा जीव तुटत होता, पण मला काळजी वाटली की रागच येतो. त्यामुळे दिवसभर मी सगळ्यांवर करवादत होते.

परतीचं तिकीट शनिवारचं होतं. शुक्रवारी आम्ही चर्चमध्ये मिस्साला गेलो. इथे सुट्टी शुक्रवारची, म्हणून रविवारची मिस्साही शुक्रवारीच. सगळे गात होते, पपांनी गीतांचं पुस्तक उघडलंसुद्धा नाही. असेच परत गेले तर रिकाम्या घरात मुके होऊन बसतील, या भीतीने मला जेवणही गेलं नाही. शेवटी ताटं तशीच ठेवून मी फोनवर तो अल्बम लावला.

पाच काळ्या अमेरिकन गायकांचा, सोल संगीताचा. पपा बोटीवर नोकरीला असताना कुठल्याशा बंदरात त्यांनी ती तबकडी घेतली होती. आमच्या लहानपणी रविवारी मटण शिजेपर्यंत ती लागायची. वाद्यं नावापुरती, सगळी कमाल गळ्यांची. पपा खालचा आवाज धरायचे, भाऊ वरचा, मी मधला, आणि मुख्य ओळ आईची. मुळात ती ओळ गाणारा बाप्या, पण आवाज इतका बारीक की आई म्हणायची, "मेल्याने माझा गळा चोरला!"

दुसऱ्या बाजूचं तिसरं गाणं लागलं आणि माझी बारा वर्षांची मुलगी ताटं उचलता उचलता, माझ्या गाडीत ऐकून पाठ झालेली मुख्य ओळ गायला लागली. एरवी मराठीत विचारलं तरी उत्तर इंग्रजीत देते. इथे गाणंच इंग्रजी, त्यामुळे बाईसाहेब एकदम जोरात.

"चूक!" पपा गरजले. "इथे थांबायचं!"

तीन आठवड्यांत त्यांचा आवाज एवढा चढला नव्हता.

मुलगी कसली ऐकते! गाण्यात कुणीच थांबत नाही, असं म्हणत तिने ती ओळ मागे नेऊन पुन्हा वाजवली. खरंच, गायक एका दमात ओळ संपवतो.

"त्याला काय कळतंय!" पपा म्हणाले. "थांबायचं म्हणजे थांबायचं. खलास."

तेव्हा कुठे माझ्या डोक्यात प्रकाश पडला. आईला दमा होता. एवढी लांब ओळ तिला एका दमात झेपायची नाही, म्हणून ती मध्येच श्वास घ्यायची. आणि पपांचा घरचा नियम असा, की ती जिथे श्वास घेईल तिथे सगळ्यांनी घ्यायचा. आपण एकटीच थांबलो असं तिला वाटता कामा नये. आम्ही चौघं थांबायचो, तबकडी पुढे निघून जायची, मग पुढच्या ओळीला तिला धावत गाठायचो. मी तर गाडीत एकटी गातानाही इतकी वर्षं तिथेच श्वास घेत आलेय. कधी प्रश्नही पडला नाही.

"आजीला दम लागायचा गं," मी मुलीला सांगितलं.

फोन हातात घेऊन तिने गाणं पहिल्यापासून लावलं. ती गात होती, मी मधला आवाज धरला, आणि टेबलाच्या टोकाकडून पपांचा खालचा आवाज आला. खरखरीत, पण आला. मला रडू फुटत होतं, तरी गात राहिले. ती जागा आली तशी मुलीने अंगठ्याने गाणं थांबवलं. सगळ्यांनी श्वास घेतला. ती पुन्हा अंगठा टेकवणार, एवढ्यात पपांनी तिचा हात धरला.

"अजून नको," ते म्हणाले. "शेवटी शेवटी तिला जास्त वेळ लागायचा."