फुलोऱ्यातली वेणी

माकणीच्या बाजूला आमचं गाव. नवरात्रात आमच्या देवीवर फुलोरा बांधतात. गुळाच्या पाण्यात कणीक घट्ट मळायची, तिच्या कडाकण्या तळायच्या, दोऱ्यात ओवायच्या आणि घटावर टांगायच्या. त्यात कणकेचीच घडवलेली देवीची फणी असते, आरसा असतो, करंडा असतो, पाळणाही असतो. हे सगळं कुणीही करावं. पण मधोमध लोंबणारी तीन पेडांची वेणी मात्र सवाष्णीनंच घालायची, असा दंडक होता. मी सून होऊन या गावात आले, तेव्हा ती वेणी शिवम्मा घालायची.

शिवम्मा म्हणजे उंच, सावळी, कमी बोलणारी आणि बोललीच तर तोडून बोलणारी बाई. तिचा नवरा रझाकारांच्या धामधुमीत निजामाच्या सरहद्दीपलीकडे, त्याच्याशी लढणाऱ्यांच्या छावणीत गेला, तो परत आलाच नाही. आला नाही म्हणजे येईल, असा तिचा हिशेब. कपाळावर रुपयाएवढं कुंकू, आणि रोज संध्याकाळी एक भाकरी जास्तीची. ती शिंक्यात झाकून ठेवायची आणि सकाळी शिळी झाली की स्वतः खायची.

मला याचा फार राग यायचा. नवी असले तरी माझं तोंड काही नवं नव्हतं. एकदा म्हणाले, "शिवम्मा, इतकी वर्षं ज्याला साधा निरोप धाडता आला न्हाय, त्याची भाकरी म्या कुत्र्याला घातली असती."

ती म्हणाली, "तुझा रोज घरला येतोय, म्हणून तुला हे सुचतंय."



तिचं कुंकू त्या वेणीवर उभं होतं, हे मला हळूहळू कळलं. नवरा बेपत्ता झालेली बाई ना धड सवाष्ण, ना धड विधवा. पण नवरा परतला नाही, त्यानंतरच्या पहिल्याच नवरात्रात तिच्या सासूनं तिला हाताला धरून देवळात आणली आणि पिठासमोर बसवली. "माझ्या सुनेचं कपाळ भरलेलं हाय. वेणी हीच घालंल," म्हणाली. म्हातारीचा दराराच असा, की कुणी हूं की चूं केलं नाही. तेव्हापासून शिवम्माची ओटी भरली जायची, हळदीला पहिलं बोलावणं तिला जायचं. ज्या वर्षी तिच्याकडून वेणी काढून घेतली जाईल, त्या वर्षी हे सगळं संपेल, हे तीही जाणून होती.

महाराष्ट्र झाला त्या उन्हाळ्यात म्हातारी गेली. मग नवरात्र आलं. फुलोऱ्याच्या दिवशी आम्ही बायका देवळाच्या ओवरीत बसलो होतो. कढईत तेल तापत होतं आणि शिवम्मा पाटावर वेणीचे पेड घालत होती. तेवढ्यात आयुब गाडीवान पायरीशी येऊन उभा राहिला. शिवम्माच्या नवऱ्याचा हा जिवाभावाचा दोस्त. दोघं मिळूनच छावणीत गेले होते, आणि आयुब एकटा परतला होता. गर्दीत चुकामूक झाली, एवढंच त्यानं तेव्हा सांगितलं होतं.

"वहिनी, जरा बाजूला येता का?"

"हितंच बोला. हात पिठात हायत."

आयुबनं खांद्यावरच्या रुमालानं तोंड पुसलं. "वहिनी, शांतलिंग गेला. छावणीत हैज्याची साथ आली, त्याच साली. माझ्या मांडीवर जीव सोडला. वढ्याकाठी म्याच त्याला माती दिली, तुमच्या लिंगायतांच्या रिवाजापरमानं बसवून. तुमच्या सासूनं कसम घातली होती, मी जिती हाय तवर सुनेला सांगू नगंस. आता कसम सरली. लई वर्सं हे वझं वागवलं, वहिनी."

शिवम्माचे हात थांबले. ती वेणीपासून मागे सरकली.

आता बायका आकांत करतील म्हणून मी वाट पाहत राहिले. कुणी रडलं नाही. कुणी दचकलंही नाही. सगळ्या माना खाली घालून बसल्या होत्या.

शिवम्मानंही ते पाहिलं. पुजाऱ्याच्या म्हाताऱ्या आईकडे वळून तिनं विचारलं, "मलकव्वा, तुमाला ठावं होतं?"

"व्हय लेकी. तुझ्या सासूनंच सांगितलं. ती सोता भर तारुण्यात रांडावली होती. म्हणाली, माझं झालं ते पोरीचं हुऊ नये. आमी गप बसलो."

"देवीला ठावं, गावाला ठावं, मलाच तेवढं न्हवतं." शिवम्माचा आवाज चढला नाही. "रोज भाकरी झाकत हुते म्या. एकीनं तरी म्हणायचं."

मलकव्वा एवढंच म्हणाली, "वेणी पुरी कर. आजवर देवीनं तुझीच घेतली न्हवं?"

शिवम्मा पुन्हा पाटाशी सरकली. मग तिनं पदराच्या टोकानं कुंकू पुसलं. तसंच मोकळं कपाळ घेऊन तिनं तिसरा पेड आवळला, वेणी तेलात सोडली, काढली आणि मलकव्वाच्या हातात दिली. मलकव्वानं ती सगळ्यांदेखत फुलोऱ्याच्या मधोमध बांधली. गावानं तिचं कुंकू जपलं ते मायेपोटीच, याबद्दल मला शंका नाही. पण त्या क्षणी मला त्या मायेची भीती वाटली.

शिवम्मा पायरी उतरून आयुबसमोर जाऊन बसली.

"शेवटाला काई बोलले का?"

आयुबनं मान वर केली नाही. "बोलला. म्हणाला, शिवम्मेला सांग, वाट बघू नगंस."

तेव्हा शिवम्मानं नवऱ्याचं नाव घेऊन हंबरडा फोडला. नवरात्रात देवळात रडू नये म्हणतात. पण तिला कुणी गप्प केलं नाही.