पोटखराब्याला नंबर नसतो

कारभारी गाडेकर यांनी चौतीस वर्षं लोकांच्या जमिनी मोजल्या. एवढ्या काळात त्यांच्यावर तीन वेळा कुऱ्हाड उगारली गेली, आणि तिन्ही वेळा मोजणी बरोबर होती, असं ते सांगतात. चुकीची असती तर एकाच बाजूचा माणूस धावून आला असता. बरोबर होती म्हणून दोन्हीकडचे आले. सरकारी मोजणीदाराला काम नीट झाल्याची याहून चांगली पावती मिळत नाही.

निवृत्तीनंतर ते पुंडलिकनगरातल्या स्वतःच्या घरात राहायला आले आणि पहिल्याच आठवड्यात त्यांनी आपला प्लॉट मोजला. खरेदीखतात सहाशे चौरस फूट होता, जागेवर पाचशे एक्क्याण्णव भरला. उरलेले नऊ फूट कुणाकडं आहेत हे त्यांना माहीत आहे. शेजाऱ्यालाही माहीत आहे. दोघं एकमेकांना रोज नमस्कार करतात.

घरातलं काम मात्र त्यांच्या पत्नीचं, द्वारकाबाईंचं. पुढच्या खोलीत त्यांचं एम्ब्रॉयडरीचं मशीन आहे. काँप्युटरवर नक्षी काढायची, वायरीनं मशीनला द्यायची, मग मशीन ती ब्लाऊजच्या बाहीवर आपोआप भरतं. द्वारकाबाईंची शाळा सातवीत सुटली. माउस हातात धरायला त्यांना एक महिना लागला आणि त्यानंतर बारा वर्षांत त्यांनी स्वतः काढलेली तीनशे बारा डिझाइनं जमली. पुस्तकातलं एकही नाही. प्रत्येकाला नाव दिलं ते ज्या बाईनं ते पहिल्यांदा अंगावर घातलं तिचं: लीलाबाई वेल, कडूबाई मोर, पुतळाबाई कणीस. एका बाईचा मुलगा चिकलठाण्याच्या विमानतळावर लागला तेव्हा तिनं दोन्ही बाह्यांवर विमान मागितलं. तेही काढून दिलं. ते दुसऱ्या कुणी मागितलं नाही, पण ठेवलेलं होतं.

गेल्या दिवाळीत त्यांचा मुलगा इंद्रजीत पुण्याहून आला आणि आईला आनंद व्हावा म्हणून त्यानं काँप्युटरवर विंडोज टेन टाकून दिलं. डिझाइनांना त्यानं हात लावला नाही. ती डी ड्राइव्हमध्ये होती तशीच राहिली. फक्त ती उघडणारा प्रोग्रॅम उघडेना. तो बनवणारी कंपनी केव्हाच बंद पडली होती, आणि तिचा प्रोग्रॅम विंडोज सेव्हनच्या पुढं यायला तयार नव्हता.

"आई, मशीनच जुनं झालंय गं. नवीन घेऊन टाक."

"तुला कुणी सांगितलं होतं रे? चालत्या बैलाला टोचणी कशाला लावायची म्हणते मी!"

"अगं, आता हे जुनं कुणी वापरत नाही."

"मी वापरते ना. मी कुणीच नाय का?"

इंद्रजीत भाऊबीज आटोपून परत गेला. पुढचे तीन महिने द्वारकाबाई मशीनमध्ये आधीपासून भरून आलेली तीसेक फुलं वापरत राहिल्या. गिऱ्हाईक बाया बाही उलटसुलट करून बघायच्या आणि म्हणायच्या, "छान आहे बाई, पण हे बाजारातलंच दिसू राहिलं." द्वारकाबाई त्यावर काही बोलायच्या नाहीत. त्या घरात आल्यावर कारभारींशीही काही बोलायच्या नाहीत, आणि हे जास्त त्रासाचं होतं.

शेवटी कारभारींनी ठरवलं की सेव्हन परत आणायचं. जुनं रेकॉर्ड काढण्यातच चौतीस वर्षं गेली होती. हे एक आणखी. ते कॅनॉटच्या बाजारातल्या एका काँप्युटरच्या दुकानात गेले. तिथला प्रणय नावाचा मुलगा त्यांच्याकडं बघत राहिला.

"काका, सेव्हन? लोक नवीन टाकायला येतात, तुम्ही उलटे चालले."

"मोजणी कधीपण मागच्या नकाशावरूनच होती, बेटा. तू सीडी दे."

"मी येऊन टाकून देतो ना."

"नको. माझं घर आहे, मी करतो."

प्रणयनं सीडी दिली, काय दाबायचं ते कागदावर लिहून दिलं आणि शेवटी म्हणाला, "डेटाची एक कॉपी आधी पेनड्राइव्हवर घ्या, काका."

द्वारकाबाईंनीही घरी तेच म्हटलं. कारभारींचं उत्तर तयार होतं. "ज्या वावरात पाय ठेवायचाच नाय, त्याला कुंपण कशाला?"

त्यांची योजना तशी निर्दोष होती. काँप्युटर घेतला तेव्हाच त्यांनी हार्डडिस्कचे तीन भाग करवून घेतले होते. दुकानातला इंजिनिअर म्हणाला होता, काका, पहिला भाग मोठा ठेवतात. कारभारी म्हणाले होते, मोठा ठेवला की दुसऱ्या दिवशी कोर्टात जावं लागतं. म्हणून तिन्ही भाग अगदी सारखे, एकशे पंचावन्न जीबी प्रत्येकी. सीमध्ये विंडोज, डीमध्ये द्वारकाबाईंची डिझाइनं, ई रिकामा. आता सीमधलं विंडोज टेनही तसंच ठेवायचं आणि रिकाम्या ईमध्ये सेव्हन बसवायचं. कुणाला उठवायचं नाही, कुणाचं पाडायचं नाही.

आदल्या दिवशी त्यांनी काँप्युटर उघडून डिस्कचं टिपण काढलं. टिपण म्हणजे मोजणीच्या जागेवर हातानं काढलेला कच्चा नकाशा. ते असल्याशिवाय त्यांनी आयुष्यात कुठं हद्दीचा दगड रोवला नाही. टिपण काढताना त्यांना सुरुवातीलाच एक चिंचोळी पट्टी दिसली. ती विंडोजनं स्वतःच्या कामासाठी राखून ठेवलेली होती आणि तिला सी, डी असं काही अक्षर नव्हतं. त्यांनी तिला लगेच ओळखलं. जमिनीच्या प्रत्येक गटात असा तुकडा असतो: ओढा, खडक, काही पिकत नाही अशी जागा. त्याला पोटखराबा म्हणतात. क्षेत्रात तो धरतात, पण त्याला हिस्सा म्हणून वेगळा नंबर देत नाहीत, कारण तो कुणाच्याच वाट्याला जात नाही. कारभारींनी वहीत त्या पट्टीवर तिरप्या रेघा मारल्या, 'पो.ख.' लिहिलं, आणि पुढच्या तीन भागांना नंबर दिले. एक, विंडोज. दोन, द्वारका. तीन, रिकामा.

गुरुवारी सकाळी दहा वाजता काम सुरू झालं. त्या दिवशी नळाला पाणी येणार होतं, ते आठ दिवसांनी येतं, त्यामुळं द्वारकाबाई मागं हौदाशी होत्या. सीडी फिरली, निळा पडदा आला, आणि कुठं बसवायचं असं विचारणारी यादी समोर आली. कारभारींनी चष्मा पुसला, वही उघडली आणि यादीत तीन नंबर शोधला. तो होता. क्षेत्र पाहिलं: एकशे पंचावन्न. जवळपास सगळं रिकामं. नंबर जुळला, क्षेत्र जुळलं. मोजणीत दोन गोष्टी जुळल्या की तिसरी बघत नाहीत.

त्यांनी फॉरमॅट दाबलं. सगळं पुसलं जाईल, असं काँप्युटरनं बजावलं. रिकामं पुसायला काय हरकत, म्हणून ते हो म्हणाले.

यादीत एकूण चार ओळी नव्हत्या का? होत्या. पण काँप्युटर बनवणाऱ्यांना जमिनीचा कायदा माहीत नसल्यामुळं त्यांनी पोटखराब्यालाही नंबर दिला होता. एक नंबर पोटखराबा, दोन नंबर विंडोज, तीन नंबर द्वारकाबाई. रिकामा भाग खाली चार नंबरला शांत बसला होता. आणि द्वारकाबाईंचा भाग रिकामा दिसला तो डिझाइनं फार हलकी असतात म्हणून. बारा वर्षांचं काम एका फोटोएवढी जागाही अडवत नव्हतं.

पाऊण तासात सेव्हन सुरू झालं. प्रोग्रॅमची जुनी सीडी घातली, तोही पहिल्या झटक्यात बसला. वायर जोडताच मशीननं ओळख दिली. कारभारींनी खिडकीतून हाक मारली, "ये, झालं!"

द्वारकाबाई पदराला हात पुसत आल्या, खुर्चीत बसल्या आणि डिझाइनं उघडायला गेल्या.

"कुठं गेले?"

"आसंल तिथंच. डीमध्ये बघ."

"डी रिकामं दाखवू राहिलं."

"मंग ईमध्ये बघ. अक्षरं इकडची तिकडं झाली आसतील."

"त्यात तर ते विंडोज टेनच दिसू राहिलं. अहो, माझा मोर कुठंय?"

कारभारींनी वही घेतली, यादी पुन्हा काढली, बोटानं ओळी मोजल्या. एकदा वरून, एकदा खालून. मागं हौद भरून वाहत होता, पण नळ बंद करायला कुणीच गेलं नाही.

"माझ्या हातून दुसऱ्याच्या हद्दीत दगड पडला," ते म्हणाले.

"दुसऱ्याच्या नाय," द्वारकाबाई म्हणाल्या. "माझ्या."

प्रणयनं काँप्युटर दोन दिवस ठेवून घेतला. पुसलेल्यातलं काही परत मिळतं, पण त्याच जागेवर अख्खं विंडोज बसलं होतं. त्याच्या हाती सव्वीस डिझाइनं लागली. त्यातलं एक विमान होतं.

इंद्रजीतचा फोन आला. "अण्णा, मला विचारायचं ना."

"तू न विचारता केलं, तिथूनच तर हे सुरू झालं," द्वारकाबाईंनी फोन घेऊन सांगितलं. नवऱ्याच्या बाजूनं त्या आठवड्यात त्या एवढंच बोलल्या.

आता ज्या जमिनीचा नकाशा जळाला, तिचं काय करतात? फेरमोजणी. जागेवर जातात आणि जे शिल्लक आहे त्यावरून पुन्हा काढतात. डिझाइनं गेली तरी ब्लाऊज होते, आणि कुणाच्या कपाटात कोणता, हे नावांवरूनच कळत होतं. कारभारींनी यादी केली आणि सोमवारपासून ते गल्लीत निघाले. पायांत चप्पल, काखेत वही, आणि पहिल्याच दारात त्यांच्या लक्षात आलं की परक्या बाईला ब्लाऊज कसा मागायचा याचा सरकारी नमुना नाही.

"काय म्हणता, भाऊजी?" लीलाबाईंनी दार अर्धंच उघडलं.

"ते आपलं... वेलीचं... फेरमोजणी."

"कशाची?"

"बाहीची."

लीलाबाई आत जाऊन हसल्या, बाहेर येऊन ब्लाऊज दिला आणि पुन्हा हसल्या. "जमिनी संपल्या का हो जिल्ह्यातल्या?"

दुपारपर्यंत ही गोष्ट गल्लीभर झाली. त्याचा फायदा असा झाला की पुढं त्यांना कुठं जावं लागलं नाही. बाया स्वतःच ब्लाऊज घेऊन येऊ लागल्या आणि मोजणी बघत बसू लागल्या. कारभारी जेवणाच्या टेबलावर बाही पसरायचे, कडा टाचण्यांनी पक्क्या करायचे, वर आलेखाचा पारदर्शक कागद ठेवायचे आणि टाक्यांचे कोपरे मिलिमीटरमध्ये वाचून दाखवायचे. द्वारकाबाई माउसनं ठिपके देत जायच्या. कामापुरतं बोलणं सुरू झालं होतं. "चौदा, साडेसहा." "दिलं." "पंधरा, सात." "दिलं."

पाचव्या दिवशी कडूबाईंचा मोर आला. नऊ वर्षं जुना ब्लाऊज. कारभारींनी तो तीन तास मोजला, एक टाका सोडला नाही. पडद्यावर मोर उभा राहिला तेव्हा त्याची मान आखडलेली होती आणि पिसारा एका अंगानं बसलेला.

द्वारकाबाईंनी माउस उचलला आणि मान वर ओढायला लागल्या.

"हां हां! काय करू राहिली? मोजून दिलंय मी."

"चुकलंय."

"आर्धा मिलिमीटर चूक काढून दाखव."

"मोजणी बरोबर आसंल तुमची. पण नऊ वर्षं धुतलंय हे. कापड आटलंय. मोर नाय आटला."

कारभारींनी बाही पाहिली, पडदा पाहिला. खरं म्हणजे कुऱ्हाड नसताना त्यांची मोजणी कुणी नाकारल्याचं हे पहिलंच उदाहरण होतं, आणि अपील कुठं करायचं ते त्यांना आठवेना. त्यांनी आलेखाचा कागद बाजूला सारला.

"मंग तूच सांग. मी लिहून घेतो."

द्वारकाबाईंनी बाहीकडं न बघता मान दोन बोटं वर घेतली, पिसारा मोकळा केला, डावीकडची तीन पिसं काढून टाकली. तीन पिसं मुळात होती, असं कारभारी म्हणाले. होती, पण ती तेव्हाच नको होती, असं त्या म्हणाल्या. कारभारींनी वहीत 'मोर' या नावापुढं नोंद केली: दुरुस्ती, कब्जेदाराच्या सांगण्यावरून.

मग मशीन चालू केलं. वीस मिनिटांनी कडूबाईंनी नवी बाही हातात घेतली, उजेडाकडं धरली, जुनीशी लावून पाहिली.

"हाच बाई माझा मोर," त्या म्हणाल्या. "फक्त ह्याचं तोंड तिकडं करता येतं का?"