मिशीचं विचारून येतो

आमच्या नांदे गावात कुशाबासारख्या गलमिशा कुणाला नव्हत्या. मिशीतून निघून गालांवर पसरलेल्या, थेट कानाला जाऊन भिडलेल्या. भिकू न्हाव्यानं एकदा नुसतं टोक बारीक करू का विचारलं, तर हा गडी पाटावरून उठून गेला. कारण म्हणे, कंपनीनं सांगितलंय. आमची त्याची भिंतीला भिंत, त्यामुळं हे रामायण मला बायकोच्या कुरकुरीपेक्षा जास्त पाठ.

कंपनी म्हणजे पुण्यातली, सिनेमाची. ऐतिहासिक चित्रासाठी मावळे रंगवत बसण्यापेक्षा मावळातूनच उचलून आणावेत असं कुणाच्या तरी डोक्यात आलं, आणि आमच्या गावची पाच-सात माणसं गेली. बाकीचे भाले धरून, रोजी घेऊन परतले. कुशाबा तिथंच चिकटला, महिन्याच्या पगारावर. त्याच्या तोंडून ऐकाल तर ती कंपनी म्हणजे एक गावच होतं. सुतार आत, शिंपी आत, गवई आत, घोडेसुद्धा आत. राणी झालेली बाई आणि भिंतीला रंग देणारा गडी एकाच पंगतीत जेवायचे. शूटिंग नसलं तरी माणूस कंपनीचाच. हे सांगताना त्याचा आवाज माहेरची आठवण काढणाऱ्या बाईसारखा व्हायचा. त्याची बायको तुळजाबाई म्हणायची, माझं माहेर म्हाळुंग्यात, ह्यांचं पुण्यात.

त्याला खरं काम मिळालं ते अगदी शेवटी. गडाच्या दरवाजावरचा पहारेकरी. बाहेर शिंग वाजतं, हा अडसराला हात घालतो, इथवर झालं. दार उघडून एक वाक्य बोलायचं, तेवढं राहिलं. मेकअपच्या मास्तरांनी घरी पाठवताना बजावलं की उरलेलं होईपर्यंत केसाला हात लावू नकोस, नाहीतर अडसर काढणारा एक आणि दार उघडणारा दुसराच दिसेल. निरोप पाठवतो.

निरोप काही आला नाही. कंपनीतली मोठी माणसं वेगळी झाली, पगारी माणसं घरोघर गेली, हे पाषाणपासून आमच्यापर्यंत सगळ्यांना कळलं. कुशाबालाही कळलं. पण कळणं वेगळं आणि निरोप येणं वेगळं. औत हाकताना तो ते वाक्य मोठ्यानं म्हणायचा आणि बैल बिचारे बुचकळ्यात पडून थांबायचे. आम्ही त्याला लग्नात मांडवाच्या दाराशी पहाऱ्याला उभं करायचो. चेष्टा कळत असूनही तो उभा राहायचा, आणि झकास उभा राहायचा.

अशी काही वर्षं गेली आणि त्याचे वडील हैबतराव वारले. दहाव्याला लेकानं डोई आणि मिशी उतरवायची असते. भावकी जमली तेव्हा कुशाबा हळूच म्हणाला, डोई उतरवतो, मिशीचं विचारून येतो. कुणाला विचारणार, हेच आधी भावकीला कळेना. कळलं तेव्हा चुलता भैरू भडकला.

"बाप तुजा मेलाय का कंपनीचा?"

बापावर त्याचा जीव नव्हता असं कुणी म्हणू नये. म्हातारा हिंडायचा थांबल्यावर त्याला पाठीवर घेऊन उन्हाला बसवणारा हाच. पण मिशी उतरली की ते राहिलेलं वाक्य कायमचं राहणार, हे त्याला समोर दिसत होतं.

तो पुण्याला निघाला तसा मीही निघालो. तुळजाबाईला सांगितलं सोबतीला जातो, पोटात होतं गंमत बघावी.

फाटकावर कोंडिबा होता, कंपनीचा जुना पहारेकरी. त्यानं कुशाबाला मिठीच मारली. आत मात्र सगळं परकं. मुंबईच्या कुणी लोकांनी शेड थोड्या दिवसांसाठी भाड्यानं घेतलेली. माणसं त्यांची, कपडे त्यांचे, जेवणाचे डबेही त्यांचेच. काम संपलं की रोजी वाटून मोकळे. सुतारांच्या जागेला कुलूप, तबेल्यात सायकली. त्यांचा एक तरणा मॅनेजर गलमिशा बघून खूश झाला. खऱ्या आहेत का म्हणाला, उद्या या, दरोडेखोरांत उभं करतो.

"आन आमचं ऱ्हायल्यालं?" कुशाबानं विचारलं.

कुठलं राहिलेलं? कुशाबानं चित्राचं नाव सांगितलं. मॅनेजरनं ते ऐकलेलंही नव्हतं.

कुशाबा परत फाटकाशी येऊन बसला. म्हणाला, "कोंडिबा, कंपनीतलं हितं आता कोन हाय?"

कोंडिबानं आत पाहिलं, बाहेर पाहिलं. "मीच म्हनायचा."

"मग तूच सांग. म्हातारा गेला माजा. मिशी उतरवू का न्हाई?"

"मी काय सांगनार गड्या? मी फाटक उघडतुया, लावतुया."

"तू कंपनीचा हाईस."

कोंडिबा उठला. खाकी कोटाची बटणं लावली, टोपी सरळ केली. हसू फुटेल म्हणून मी तोंडाला उपरणं लावलं होतं. ते हसू काही आलं नाही.

"कुशाबा, चित्र बंद झालं," तो म्हणाला. "कंपनीनं तुला मोकळा केला. उतरव मिशी."

कुशाबानं त्याला वाकून रामराम केला.

दहाव्याला मुळा नदीच्या काठी भिकूनं वस्तरा चालवला. बापासाठी आणि कंपनीसाठी कुशाबा एकाच बैठकीत रडला, कुणाचं किती ते त्याचं त्याला ठाऊक. घरी आल्यावर तुळजाबाई त्याच्या उघड्या गालांकडे बघतच राहिली. "लई दिसानं दिसलासा," एवढंच म्हणाली.

पुढं साठ सालानंतर पुण्यात सिनेमा शिकवायची सरकारी शाळा निघाल्याची बातमी आली. मी भिकूच्या पाटाशी मुद्दाम ती काढली. म्हटलं, कुशाबा, दाखला काढ, नाव घाल शाळेत.

तो गंभीर होऊन म्हणाला, "पोरं शिकत्यात व्हय? मग आज ना उद्या कंपनी काडत्याल. शिकून का घरी बसनार हायेत?"

सगळे हसले. त्या दिवसापासून कुशाबा भिकूसमोर बसला की हनुवटी पुढं करायचा, आणि एवढं राहू दे म्हणून दोन्ही गालांवरच्या पांढऱ्या होत आलेल्या केसांवर तळहात ठेवायचा.